चाळिसाव्याचा दगड

उस्ता यदुल्लाचा फोन आला तेव्हा अर्दलान तवक्कोली ओट्याशी उभा राहून कालची बरबरी रोटी पाण्याचा हात लावून गॅसवर गरम करत होता. दगड घडवणाऱ्या माणसाचा आवाज मोठा असतो, जन्मभर छिन्नीच्या वर बोलायचं असतं त्याला. आज मात्र उस्ता हळू बोलत होता, आणि त्यावरूनच अर्दलान काय ते समजला. "आगा, दगड तयार आहे. खानमचं नाव घातलंय, तारखा घातल्यात. पण खाली जी ओळ दिलीत ना तुम्ही, ती कबरस्तानाच्या कचेरीतून परत आली. एका शब्दाला गोल केलाय त्यांनी." कोणत्या शब्दाला, हे अर्दलानने विचारलं नाही. रोटी करपल्याचा वास आला तरी त्याने गॅस बंद केला नाही. सत्तेचाळीस वर्षं त्या शब्दाला गोल होत आले होते. शहाच्या राज्यात लाल पेन्सिलीचा, पुढे निळ्या बॉलपेनचा, आणि अलीकडे तर गोलसुद्धा नाही, नुसता छापील तक्ता यायचा, पान एकतीस, ओळ चौथी, गाळावे. पण ते सगळं कवितांच्या पुस्तकाला होतं. पुस्तक त्याचं होतं आणि भांडणही त्याचं. आता तो गोल त्याच्या बायकोच्या, मेहरंगीझच्या थडग्यापर्यंत येऊन पोचला होता, आणि ती काही बोलायला उरली नव्हती. "आगा, ऐकताय ना?" उस्ता म्हणाला. "चाळिसाव्याला तेरा दिवस आहेत. मला कोरायला दोन लागतील, बसवायला एक. तुम्ही एकदा कचेरीत जाऊन या. एक शब्द तर आहे, तुमच्याकडे काय शब्दांना तोटा?"

शब्दांना तोटा नव्हता, खरं आहे. तोटा झाला होता तो त्यांच्यापायीच. अर्दलानने करपलेला भाग सुरीने खरवडला, उरलेली रोटी पनीरबरोबर उभ्याउभ्याच खाल्ली आणि टेबलाकडे पाठ करून बसला, कारण टेबलाच्या पलीकडची खुर्ची आता बघवत नव्हती. ती असताना तरी तो कुठे बघत होता म्हणा. ती बोलायची, तो वाचत असायचा. ती गप्प बसायची, तेव्हाही तो वाचत असायचा. आता घरात इतकी शांतता होती की खालच्या पाटातून वाहणारं पाणी चौथ्या मजल्यावर ऐकू यायचं. थडग्यावर सध्या नुसती लोखंडी पट्टी होती, तिच्यावर आकडा. मागच्या गुरुवारी तो गेला तेव्हा शेजारच्या रांगेत शिरून भलत्याच माणसाच्या मातीशी दहा मिनिटं बसून आला होता, आणि चूक कळल्यावर त्याला रडू येण्याऐवजी हसू आलं होतं. मेहरीला सांगितलं असतं तर ती म्हणाली असती, "इतकी वर्षं एका घरात राहून तुला मी सापडले नाही, तिथे काय सापडणार!" मेल्यापासून चाळिसाव्या दिवशी दगड बसला नाही तर लोक म्हणतात, मेलेल्याचं कुणी नाही. आणि दगडावर ओळ हवी होती, ती तिच्याच एका बोलण्यामुळे. विद्यापीठासमोरच्या पुस्तकांच्या रस्त्याने जाताना एका दुकानाच्या काचेपाशी ती थांबली होती, हातात भाजीची पिशवी, आणि सहज म्हणाली होती, "एकदा तरी तुझी एखादी ओळ अशी कायमची उघड्यावर दिसावी, येणाऱ्याजाणाऱ्याला वाचता यावी. मग मी मेले तरी चालेल." ओळ दिसायच्या आधीच ती मेली. निदान तिच्या डोक्याशी तरी ती उघड्यावर असावी, एवढंच त्याला करायचं होतं.

ओळ सगळ्या शहराला पाठ होती, म्हणजे शहरातल्या म्हाताऱ्यांना. "रक्त जागं होतं, आणि मग सकाळ होते." तो तिशीच्या आत होता तेव्हा ही ओळ पोरांनी भिंतींवर कोळशाने लिहिली होती, आणि तिच्यापायी तो वीस महिने तुरुंगात बसला होता. मग शहा गेला, आणि एक वसंत ऋतू असा आला की कुणी कुणाला काही विचारत नव्हतं. परवान्याशिवाय, छापखान्याच्या नावाशिवाय, कोऱ्या पांढऱ्या वेष्टनात पुस्तकं फुटपाथवर चादरीवर मांडून विकली जात. त्याचंही विकलं गेलं, हातोहात. वर्षाच्या आत चादरी गुंडाळल्या गेल्या आणि कचेऱ्या पुन्हा उघडल्या. त्यानंतर तीन वेळा पुस्तक परवान्यासाठी गेलं आणि तिन्ही वेळा परत आलं. एकदा तर परीक्षक स्वतः म्हणाला, साहेब, बाकी सगळं जाऊ देतो, फक्त तेवढं रक्त काढा. अर्दलान म्हणाला, मोडेन, पण वाकणार नाही. आणि खरोखर तो मोडला. मास्तरकी गेली, निवृत्तिवेतन गेलं, परदेशचं बोलावणं आलं तेव्हा पारपत्र मिळालं नाही. पण वाकला नाही, आणि त्यामुळे दर मंगळवारी चार-पाच म्हातारे ज्या चहाखान्यात जमत तिथली भिंतीकडची खुर्ची त्याची होती. तो उशिरा आला तरी तिच्यावर कुणी बसत नसे. माणसाकडे शेवटी एवढंच उरतं, एक खुर्ची. त्याला ती प्रिय होती, आणि हे तो कुणापाशी कबूल करत नव्हता.

कचेरीतला मोकद्दम नावाचा अधिकारी चाळिशीचा, अदबशीर निघाला, हीच पंचाईत झाली. उर्मट माणसाशी भांडायची अर्दलानला सवय होती. मोकद्दम मात्र खुर्चीवरून उठला, छातीवर हात ठेवून म्हणाला, "उस्ताद, तुमच्यासमोर मी कोण? माझ्या वडिलांकडे तुमचं पांढरं पुस्तक होतं. चहा घ्या. नाही, नाही, घ्यायलाच हवा." मग त्याने कागद काढला. गोल पेन्सिलीचा होता, बारीक, लाजून केल्यासारखा. "माझा काही आक्षेप नाही. पण उद्या कुणी फोटो काढणार, कुठेतरी टाकणार, लोक जमणार. मग दगड फुटतो हो, उस्ताद. रात्रीत फोडून जातात. खानमच्या दगडाचं असं व्हावं, तुम्हाला आवडेल?" तो थोडा थांबला आणि मान खाली घालून म्हणाला, "मी पण थोडं लिहितो. धाडस करू? 'प्रकाश जागा होतो' केलं तर? वजनही बिघडत नाही." अर्दलानला एकदम हसावंसं वाटलं. ह्या देशात ओळ खोडणारासुद्धा कवी असतो! "नाही," तो म्हणाला. मोकद्दमने सुस्कारा सोडला. "मग एक वाट आहे. ही ओळ पूर्वी कुठे परवान्यानिशी छापलेली असेल, तर ते पान आणा. मला वर दाखवता येईल." परवाना नव्हताच, हे अर्दलानला ठाऊक होतं. पण त्या वसंतातल्या पुस्तकाच्या शेवटच्या पानावर कसलासा शिक्का होता असं अंधूक आठवत होतं, आणि बुडत्याला काडीचा आधार.

घरी येईपर्यंत शापूर वफाईचा फोन दोनदा येऊन गेला होता. शापूर त्याच्याहून तीन वर्षांनी मोठा, मंगळवारच्या टेबलाचा कर्ताधर्ता, आणि त्याला उस्ताकडून बातमी कळली होती. "अर्दलान जान, अजिबात सोडायचं नाही! मेलेल्या बाईच्या थडग्यावर कात्री? मी पत्र लिहायला घेतलंय. सह्या गोळा करतो. बाहेरच्या रेडिओवर वाचतील. अरे, मेहरंगीझचं थडगं निशाण होईल निशाण!" म्हाताऱ्याच्या आवाजात कित्येक वर्षांनी जोर आला होता. अर्दलानलाही छातीत तोच जुना उबारा जाणवला. पुन्हा लढाई, पुन्हा नाव, पुन्हा कुणीतरी दार वाजवेल. फोन ठेवल्यावर तो तसाच उभा राहिला आणि मग त्याला आपली लाज वाटली, कारण गेली पाच मिनिटं तो तिच्याबद्दल नाही, पत्रातल्या पहिल्या वाक्याबद्दल विचार करत होता. 

पुस्तक शोधायचं म्हणजे तिच्या कपाटाला हात लावायचा. ती शाळेत भूगोल शिकवायची आणि संध्याकाळी जेवणाच्या टेबलावर त्याच्या कविता टंकयंत्रावर उतरवायची. तिची एक पद्धत होती. तो एखादी ओळ बदलायचा तेव्हा ती जुना कागद टाकायची नाही. नवा टंकायची आणि जुन्यावर ठेवून द्यायची, कोपऱ्यात शिसपेन्सिलीने महिना लिहून. त्याला हे बायकी साठवणं वाटायचं, रिकाम्या बरण्या जपतात तसं. त्या गठ्ठ्यांकडे त्याने कधी ढुंकून पाहिलं नव्हतं. आता त्याने ते एकेक करून गालिच्यावर उतरवले. गठ्ठे रबराने बांधलेले, रबर इतकं जुनं की हात लावताच तुटत होतं. तिचा वास कपाटाला अजून होता, साबणाचा आणि वेलदोड्याचा. त्याने थोडा वेळ कपाटात तोंड घातलं. घरात बघायला कुणी नव्हतं.

पांढरं पुस्तक सापडलं, पण शेवटच्या पानावरचा शिक्का वाण्याचा होता. कुणीतरी त्यात साखरेचा हिशेब मांडला असणार, दुसरं काय. तो गठ्ठे परत ठेवू लागला, आणि सगळ्यात तळाच्या गठ्ठ्यातला सगळ्यात खालचा कागद उलटा होऊन पडला. पिवळा, कडेला ठिसूळ. कोपऱ्यात तिचं अक्षर, "बहमन महिना, आपल्या लग्नानंतरचा पहिला." तीच कविता होती. वरच्या तीन ओळी त्याच. चौथी ओळ त्याने वाचली, आणि कागद हातात धरून तो तिथेच गालिच्यावर बसला.

"तू चहा ठेवतेस, आणि मग सकाळ होते."

तो पूर्ण विसरला होता. खोटं नाही, पूर्ण विसरला होता. माणूस इतकं विसरू शकतो ह्याची त्याला भीती वाटली. मग एकेक गोष्ट परत येऊ लागली. ती भाड्याची खोली, जिथे काचेच्या आतल्या बाजूनेही बर्फ धरायचं. ती रजईतून उठून अंधारात चहाचा समोवर पेटवायची, आणि समोवर गुणगुणायला लागला की त्याला जाग यायची, म्हणजे उजाडलंच म्हणायचं, बाहेर उजाडलेलं असो वा नसो. एका सकाळी त्याने ती ओळ लिहिली आणि तिला वाचून दाखवली. ती खडीसाखर दाताखाली धरून तशीच उभी राहिली, मग शाळेत जाताना दारातून परत आली आणि म्हणाली, "मी टंकते." त्याच आठवड्यात त्याने ती कविता दोस्तांपुढे वाचली. शापूर तेव्हा दाढीवाला होता, त्याचा शब्द म्हणजे निकाल. तो आधी हसला, मग म्हणाला, "चहा? पोरं गोळ्या खातायत आणि आमचा कवी कपबशी घेऊन बसलाय! क्रांती काय चमच्याने ढवळून येणार आहे का रे?" सगळे हसले. अर्दलानही हसला. त्याच रात्री त्याने चहा खोडला आणि रक्त लिहिलं. कुणी परीक्षक नव्हता, कचेरी नव्हती, पेन्सिल त्याच्याच हातात होती. दुसऱ्या दिवशी मेहरीने नवा कागद टंकला, जुन्यावर ठेवला, आणि ह्या विषयावर ती कधी बोलली नाही.

नाही, एकदा बोलली होती. तिसऱ्यांदा पुस्तक परत आलं तेव्हा. ती कपडे वाळत घालत होती, पाठमोरी. "गेला तो शब्द तर काय बिघडेल, अर्दलान? तो आधी होता कुठे?" त्याला ते असलं झोंबलं की तो तिच्याशी अकरा दिवस बोलला नाही. त्याला वाटलं ती थकली, घाबरली, वाकली. मंगळवारच्या टेबलावर तो म्हणालासुद्धा होता, घरातल्या माणसांनाही सगळं पेलतंच असं नाही. टेबलाने सहानुभूतीने माना हलवल्या होत्या. आणि ती तिकडे अकरा दिवस रोज त्याच्यापुढे चहा आणून ठेवत होती, आणि तो कप उचलत होता आणि वर बघत नव्हता. आता त्याला रडू आलं, म्हाताऱ्या माणसाचं कोरडं, खोकल्यासारखं रडू. जगातल्या सगळ्या कचेऱ्यांशी तो एका शब्दासाठी लढला होता, आणि तो शब्द त्याने ज्या जागी बसवला होता ती जागा तिची होती. तिला पहिल्यांदा खोडलं ते त्याने. बाकीचे नंतर आले.

तरी तीन दिवस तो कचेरीत गेला नाही. हे लपवण्यात अर्थ नाही, तीन दिवस तो खुर्चीचा विचार करत होता. ओळ बदलली तर काय म्हणतील हे त्याला स्पष्ट ऐकू येत होतं. तवक्कोली वाकला. शेवटी वाकला, आणि तेही बायकोच्या थडग्यावर. रक्ताच्या जागी चहा! मोकद्दम दहा जणांना सांगेल, शापूर शंभरांना. कागद दाखवावा? पिवळा कागद घेऊन दारोदार फिरावं आणि म्हणावं, बघा, मी आज वाकलेलो नाही, मी सत्तेचाळीस वर्षांपूर्वीच वाकलो होतो? शापूरने पत्राचा मसुदा फोनवर वाचून दाखवला. चांगला होता. त्यात मेहरंगीझचं नाव एकदाच आलं होतं, आणि तेही "कवीची जीवनसंगिनी" असं. "कसं वाटतंय?" शापूरने विचारलं. "पत्र पाठवू नकोस," अर्दलान म्हणाला. "का रे?" "दगड तिचा आहे, शापूर."

मोकद्दमने नवी ओळ दोनदा वाचली. त्याचा चेहरा उजळला, आणि तो उजेड बघणं अर्दलानला जड गेलं. "वा, उस्ताद! काय सुंदर! बघा, मी म्हणत नव्हतो, थोडं मन मोठं केलं की वाट निघते." त्याने शिक्का उचलला आणि मध्येच थांबला. "फक्त एक. मयत खानम 'ठेवतेस' कशा? 'ठेवायचीस' केलं तर—" "ठेवतेस," अर्दलान म्हणाला. एवढ्या मोठ्याने की शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी वर पाहिलं. मोकद्दमने मुकाट्याने शिक्का मारला. आयुष्यात पहिल्यांदा अर्दलानच्या ओळीवर मंजुरीचा शिक्का बसला होता, जांभळा, थोडा तिरका. बाहेर येऊन तो बसच्या थांब्यावर बसला आणि दोन बस सोडून दिल्या.

चाळिसाव्याला चौदा माणसं आली. मेहरीच्या दोन जुन्या विद्यार्थिनी, आता त्याही आजी झालेल्या, खाली बसून गुलाबपाण्याने दगड धुऊ लागल्या. मंगळवारचे पाचही जण काळे कोट घालून उभे होते. पाणी ओघळलं तशी ओळ काळी, स्वच्छ दिसू लागली. शापूरने चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. मग अर्दलानचा दंड धरून त्याला बाजूला घेतलं. "हे त्यांनी करायला लावलं?"

"नाही. मी केलं."

"या वयात? अरे, आता तुझं ते काय वाकडं करणार होते?" शापूरचे ओठ थरथरत होते, आणि ते रागाने नव्हे तर दुःखाने, हे अर्दलानला दिसत होतं. "चहा, अर्दलान? आपण काय चहासाठी तुरुंगात गेलो?"

"ही आधीची ओळ आहे. हीच पहिली होती. मी वाचली तेव्हा तू हसला होतास."

"मी?" शापूर त्याच्याकडे बघत राहिला. तो आठवायचा प्रामाणिक प्रयत्न करत होता, कपाळाला आठ्या घालून. "मी कधी हसलो? मला नाही आठवत." खरंच त्याला आठवत नव्हतं. त्याने दगडाशी वाकून मृतासाठीचा फातेहा पुटपुटला, हस्तांदोलनासाठी पुढे केलेला अर्दलानचा हात त्याला दिसला नाही की त्याने पाहिला नाही, आणि पाचही जण झाडांच्या रांगेतून मोटारीकडे गेले. येत्या मंगळवारी खुर्चीवर कोण बसेल, एवढा एक विचार अर्दलानच्या मनात येऊन गेला. विद्यार्थिनींनी हलव्याचं ताट वाटून संपवलं, त्याच्या खांद्याला हात लावून त्याही गेल्या.

तो एकटा उरला. खाली बसायला गुडघे कुरकुरले. त्याने एक खडा उचलला आणि रीतीप्रमाणे दगडावर हलकेच ठोकला, आतल्या माणसाला कळावं कोणी आलंय म्हणून. टक, टक. पुढे फातेहा म्हणायचा असतो, त्याला सुचेना. समोवर पेटवण्यापूर्वी ती काडीपेटी अशीच दोनदा ओट्यावर आपटायची, दमट असायची म्हणून. त्याने पुन्हा ठोकलं.

पुढच्या रांगेतून एक जाडजूड बाई खजुराचं ताट घेऊन फिरत होती, आपल्या मेलेल्यासाठी चार लोकांनी दुवा मागावी म्हणून. त्याच्यापुढे ताट धरून ती थांबली आणि दगड वाचू लागली. अक्षरांवर बोट फिरवत, मोठ्याने, नाव, तारखा, आणि मग ओळ. संपल्यावर तिने ताट खाली ठेवलं आणि अंगावरच्या चादरीच्या टोकाने डोळे टिपले.

"अगाई, हे तर आमच्याच घरचं!" ती म्हणाली. "आमचे हे गेले तेव्हापासून मी सकाळी उठतच नाही बघा. चहा ठेवायचा कुणासाठी?" तिने पुन्हा वाचली, आता हळू, पाठ करत असल्यासारखी. "आगा, रागावू नका हं. ही कुठल्या कवीची ओळ आहे? मला आमच्या दगडावर पण घालायची होती."

अर्दलानने ताटातला एक खजूर उचलला.

"कवीची नाही, खानम," तो म्हणाला. "हिच्या नवऱ्याची आहे. घाला तुम्ही."